नेमेसियोन मास्तरांचा चांदवा

आमची ख्रिस्ती मंडळी ज्या अंगणात जमते त्यावर एक चांदवा आहे. जुन्या जहाजांची तीन शिडे जोडून तो केलेला आहे, आणि जोड असा बेमालूम आहे की खालून पाहणाऱ्याला एकच कापड वाटते. तो नेमेसियोन मास्तरांनी शिवला. शिवताना दोरीचे दुसरे टोक माझ्या हातात होते. हे आधीच सांगून टाकतो, कारण मास्तरांचे पुढे जे झाले ते या चांदव्यावरून झाले, आणि तेव्हा मी गप्प बसलो होतो.

मास्तर राकोटिसचे, म्हणजे आलेक्सांद्रियातल्या जुन्या मिसरी वस्तीतले. त्यांचे वडील बंदरामागच्या एका छपरीत शिडे शिवायचे. सोळा वर्षांचे होईपर्यंत मास्तरही तिथेच दाभण घेऊन बसले. मग वडील तापाने गेले, छपरी दुसऱ्याने घेतली, आणि मास्तर एका ग्रीक गुरूच्या घरी पाणी भरता भरता अक्षरे शिकले. पंचविसाव्या वर्षी त्यांनी कालव्याकाठच्या एका ओसरीत स्वतःची शाळा मांडली. तिथे बावीस वर्षे ते मुलांना जुने कवी शिकवत राहिले.

त्यांची शिकवण्याची एक रीत होती. जुन्या देवांच्या भांडणाची एखादी कविता पाठ करून घ्यायची आणि मग विचारायचे, "हे देव असे मासळीबाजारात आल्यासारखे भांडताहेत. तुम्ही कुणाच्या बाजूनं? आणि का?" कुणाच्याही बाजूने बोललेले चालायचे. पण कारण सांगितल्याशिवाय खाली बसता यायचे नाही. माझे दोन्ही मुलगे त्या ओसरीत पायात गोळे येईपर्यंत उभे राहिलेले आहेत.

मंडळीत आधी आली ती त्यांची बायको थर्मूथी. तिने आमचे पवित्र लिखाण उतरवलेली काही पाने घरी नेली, तेव्हा मास्तर ती वाचून हसले होते.

"हे लिहिणाऱ्यानं शाळेचं तोंड पाहिलेलं नाही. कोळ्याची भाषा आहे ही."

"असेल," थर्मूथी म्हणाली. "पण तुम्ही दिवा लागेपर्यंत उठला नाहीत. जाळ्यात कोण सापडलं मग?"

ती पाने त्यांनी महिनाभर परत दिली नाहीत. नंतर ते स्वतः आले आणि ऐकणाऱ्यांत उभे राहू लागले. ज्यांचा बाप्तिस्मा व्हायचा आहे त्यांना आम्ही ऐकणारे म्हणतो. वाचन आणि उपदेश झाला की त्यांना अंगणाबाहेर जावे लागते. मग दार बंद होते, आतले लोक एकमेकांना शांतीचे चुंबन देतात, आणि मग प्रभूच्या आठवणीची भाकर मोडली जाते. मंडळीच्या नावांची यादी माझ्याकडे असते. धान्याच्या कोठारात पोत्यांवरची नावे जुळवण्यात माझी तीस वर्षे गेली, म्हणून हे कामही माझ्याकडेच आले. मास्तरांचे नाव ऐकणाऱ्यांच्या बाजूला तीन वर्षे होते.

त्या भाकरीचा एक तुकडा लोक घरी नेतात आणि रोज सकाळी, दुसरे काहीही खाण्याआधी, त्यातला कण खातात. बाप्तिस्मा न झालेल्याने त्याला हात लावायचा नसतो. थर्मूथी तो तुकडा उंबराच्या लाकडाच्या डबीत, फळीवर ठेवायची. रोज सकाळी ती भिंतीकडे तोंड करून कण खायची आणि मास्तर अंथरूण गुंडाळत बसायचे.

"तीन वर्षं मी त्या डबीकडे बघतोय," ते मला एकदा म्हणाले. "घरात दोनच माणसं, आणि त्यात एक पाहुणा. मला तिच्याबरोबर तो कण खायचाय. बाकी माझ्या आत्म्याचं काय ते देव बघून घेईल."

"हे मंडळीच्या वडिलांपुढे बोलू नका," मी म्हणालो.

बाप्तिस्म्याआधी मंडळीचे वडील, म्हणजे तिचा कारभार पाहणारे वडीलधारे, उमेदवाराची चौकशी करतात. त्याच्या वतीने बोलायला आधीच बाप्तिस्मा झालेला एक जण लागतो. मास्तरांनी फिलिस्कोसला निवडले. फिलिस्कोस रंगाऱ्याचा मुलगा. लहानपणी तो बोलायला लागला की शब्द ओठातच अडायचे. मास्तरांनी त्याला बंदराच्या धक्क्यावर नेऊन, वाऱ्यासमोर उभे करून पाठांतर म्हणायला लावले. दोन हिवाळे त्यात गेले, पण तोंड मोकळे झाले. आता तो तिशीला आला होता, आणि मंडळीत पवित्र लिखाण वाचून दाखवण्याचे काम त्याच्याकडे होते. त्याचा आवाज ऐकायला इतर वस्त्यांतले लोकही यायचे.

चौकशीच्या आदल्या दुपारी आम्ही तिघे धक्क्यावर खारवलेला मासा आणि कांदा खात बसलो होतो.

"धंद्याचं विचारतील," मास्तर म्हणाले. "नियम ठाऊक आहे ना तुला?"

नियम आम्हा सर्वांना ठाऊक होता. मुलांना जुन्या देवांची पुस्तके शिकवणाऱ्याने ते काम सोडावे. पण त्याला दुसरा कुठलाच धंदा येत नसेल, तर त्याला सूट मिळते.

"ठाऊक आहे की," फिलिस्कोस म्हणाला. "दुसरा धंदा येतो कुठे तुम्हाला?"

"लहानपणी शिडं शिवलीत मी."

"लहानपणी मी अंगठा चोखायचो, मास्तर. तो काय माझा धंदा झाला?"

आम्ही खूप हसलो. मग फिलिस्कोसने त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. "तुम्ही निश्चिंत राहा. यांना पोट भरायला अक्षरांशिवाय काही येत नाही, असं सांगतो. आणि ते खरंच आहे."

दुसऱ्या दिवशी अंगणात तीन वडील बसले होते. त्यांतले थोरले हेर्मिनोस. त्यांना कमी ऐकू येते, पण ते मनाने मऊ आहेत. त्यांनी विचारले की मास्तर विधवांना मदत करतात का, आजाऱ्यांना भेटतात का, घरात जुन्या देवांच्या मूर्ती आहेत का. फिलिस्कोसने सगळी चांगली उत्तरे दिली. शेवटी हेर्मिनोस म्हणाले, "शाळा चालवतात म्हणे. बरं, दुसरा धंदा येतो का यांना?"

"येतो, वडील," फिलिस्कोस म्हणाला.

मला वाटले, माझ्याच ऐकण्यात चूक झाली.

"काय म्हणालास?" हेर्मिनोसनी कानामागे हात धरला.

"येतो. वर बघा." त्याने बोट वर केले. "दोन उन्हाळे आपण ज्याच्या सावलीत बसतोय ते कोणी शिवलं? यांनी. इतकं चांगलं शिवणारा बंदरावर दुसरा नाही. यांनी शाळा सोडली तर हे उपाशी राहणार नाहीत."

तिन्ही वडिलांनी वर पाहिले. मीही पाहिले. तो चांदवा मास्तरांनी आपणहून शिवला होता, म्हाताऱ्या बायकांना ऊन लागते म्हणून. मी उठून म्हणू शकलो असतो की वडील, अंगणाला सावली करणे वेगळे आणि संसार चालवणे वेगळे, यांनी तीस वर्षांत एक शीड विकलेले नाही. हेर्मिनोसनी ऐकले असते. पण मला कोणी विचारले नव्हते, आणि न विचारता बोलायची मला सवय नाही.

निर्णय झाला. शाळा बंद करून पुस्तके मंडळीकडे द्यायची आणि तीन आठवड्यांनी, पुनरुत्थानाच्या सणाला, बाप्तिस्मा घ्यायचा. नाहीतर शाळा ठेवायची आणि ऐकणाऱ्यांतच राहायचे.

दाराशी मास्तरांनी फिलिस्कोसला एवढेच विचारले, "का रे?"

"मी वडिलांपुढे खोटं बोलू का, मास्तर?"

"खोटं बोल असं मी म्हणालो होतो?"

"नाही. पण त्यांनी विचारलं ना."

थर्मूथीने शाळा बंद करायला विरोध केला. "डबी आणखी दहा वर्षं थांबेल हो. ती मुलं थांबणार नाहीत," ती म्हणाली. पण मास्तरांनी मुलांना घरी पाठवले आणि पुस्तकांच्या एकोणीस गुंडाळ्या टोपलीत भरून अंगणात आणून दिल्या. प्रत्येक गुंडाळीला मेण लावलेला दोरा होता आणि शिडवाल्याची गाठ होती. त्यांचा हात तसाच चालायचा. मी एकोणीस मोजून आतल्या खोलीत ठेवल्या.

बाप्तिस्म्यानंतर त्यांनी पहिले शांतीचे चुंबन फिलिस्कोसला दिले. मी अस्वस्थ झालो होतो, पण मास्तर नव्हते. "त्यानं खरं सांगितलं," ते म्हणाले. "खरं सांगावं आणि कारण द्यावं, हे त्याला मीच शिकवलंय. माझ्याच अंगाशी आलं म्हणून तक्रार कशी करू?" पुढचे पाच आठवडे ते बंदरावर मजुरीने शिडे शिवत होते. सत्तेचाळिसाव्या वर्षी बोटांना पुन्हा घट्टे पडत होते. पण सकाळी डबी उघडली की दोघे समोरासमोर बसून कण खायचे. थर्मूथीने माझ्या बायकोला सांगितले, "आता भिंतीकडे तोंड करायला नको, हेच बरं वाटतं."

मग उन्हाळ्याच्या वाऱ्याने चांदव्याचा एक कोपरा फाटला. हेर्मिनोसनी मास्तरांना बोलावले. मास्तर शिडी लावून भिंतीवर चढले आणि दाभण काढून बसले. मी खाली दोर धरून होतो. तेवढ्यात ऐकणाऱ्यांपैकी दहा-बारा तरुण अंगणात येऊन बसले आणि त्यांच्यासमोर फिलिस्कोस येऊन उभा राहिला. त्याच्या हातात एक गुंडाळी होती. तिचा मेणाचा दोरा मी ओळखला.

त्याने जुन्या कवीच्या ओळी म्हटल्या. आवाज सुंदरच होता. मग तो म्हणाला, "हे देव असे मासळीबाजारात आल्यासारखे भांडताहेत. तुम्ही कुणाच्या बाजूनं? आणि का?"

वर दाभण थांबले.

फिलिस्कोस पुढे म्हणू लागला आणि एका ओळीवर अडकला. गुंडाळीत ती जागा झिजलेली असावी. अडकल्यावर मास्तरांकडे पाहायची त्याला लहानपणापासूनची सवय. त्याने वर पाहिले, आणि तेव्हा भिंतीवर कोण बसले आहे हे त्याला कळले.

"मास्तर," तो म्हणाला, "ही ओळ..."

"मला काय विचारतोस?" मास्तर म्हणाले. "मी शिडं शिवतो."

त्यांनी टाका पूर्ण केला, गाठ मारली, दोरा दातांनी तोडला आणि खाली उतरले. हेर्मिनोस आतून आले. त्यांना यात काही वावगे वाटत नव्हते. "हा फार चांगला वर्ग आहे, नेमेसियोन," ते कौतुकाने म्हणाले. "बाहेरचे शिकलेले लोक आपल्याला अडाणी म्हणतात, त्यांना उत्तर द्यायला आपल्या पोरांना हे सगळं यायला हवं. हा थंडीपासून मागे लागला होता, पण पुस्तकं कुठून आणायची? नेमकी तुझी आली."

"थंडीपासून?" मास्तरांनी विचारले.

चौकशी वसंतात झाली होती. फिलिस्कोस गुंडाळी गुंडाळत राहिला.

घरी निरोप गेल्यावर थर्मूथी धावत आली. "माझ्या नवऱ्यानं शिकवलं तर ती सैतानाची पुस्तकं, आणि तू शिकवलीस की देवाची?"

"आई, तसं नाही," फिलिस्कोस म्हणाला. "पवित्र लिखाणात आहे, देवाच्या लोकांनी मिसरमधून निघताना मिसरी लोकांचं सोनं नेलंच की. पुढे त्याचीच देवासाठी भांडी घडवली. सोनं कुणाचं होतं यापेक्षा ते कशाला लागलं हे बघायचं."

"आम्ही मिसरीच आहोत की रे," थर्मूथी म्हणाली. "म्हणजे लुटलंस ते आमचंच घर."

हेर्मिनोसना आता थोडे थोडे कळू लागले होते. ते म्हणाले, "फिलिस्कोस, माफी माग आणि विषय संपव."

"कशाची माफी मागू, वडील? मी एक शब्द खोटा बोललोय का? यांनीच सांगावं."

"नाही," मास्तर म्हणाले. "एकही नाही."

पुढच्या रविवारी उपदेश संपला, ऐकणारे बाहेर निघाले, आणि त्यांच्याबरोबर मास्तरही निघाले. मनात राग ठेवून शांतीचे चुंबन द्यायचे नाही आणि चुंबन दिल्याशिवाय भाकरीला हात लावायचा नाही, हे आम्हा सर्वांना शिकवलेले आहे. इतर लोक यातून वाट काढतात. गाल थोडा वळवतात, डोळे मिटून घेतात. मास्तरांना ते जमले नाही. थर्मूथी घरी भाकर घेऊन गेली तेव्हा तिने डबी त्यांच्यापुढे धरली. "इथे कोणी बघत नाही," ती म्हणाली. त्यांनी नाही म्हणून मान हलवली आणि अंथरूण गुंडाळायला घेतले.

त्यानंतर चार रविवार ते ऐकणाऱ्यांबरोबर बाहेर उभे राहिले. नवे ऐकणारे त्यांना विचारायचे, "काका, तुमचा बाप्तिस्मा कधी?" ते म्हणायचे, "झालाय."

पाचव्या रविवारी फिलिस्कोसने वाचन केले. ऐकणारे निघाले, मास्तर निघाले. दारावरचा सेवक कडी लावणार इतक्यात बायकांच्या बाजूने थर्मूथी उठली. तिच्या हातात ती उंबराची डबी होती. ती माणसांमधून सरळ दाराकडे गेली.

"मावशी, आता दार बंद करतोय मी," सेवक म्हणाला. "मग उघडता येत नाही."

"कर की बंद," ती म्हणाली.

ती बाहेर जाऊन मास्तरांच्या शेजारी उभी राहिली. डबी तिने उघडून उलटी केली आणि त्यांना दाखवली, रिकामी आहे म्हणून. मास्तरांनी ती घेऊन काखेत धरली. सेवक माझ्याकडे पाहत होता, दार लावू की नको असे विचारत. मी यादी ठेवणारा, या वेळी मला खरोखरच विचारले होते. मी म्हणालो, "लाव."

दार लागले. आत चुंबने सुरू झाली. फिलिस्कोस माझ्या शेजारीच होता, आणि मी गाल पुढे केला.