ब्रेकमध्ये पाहिलेला तुरुंगाचा सिनेमा

तो तुरुंगाचा सिनेमा आमच्या घरात इतक्यांदा लागलाय की मला आता त्यातले पहारेकरीसुद्धा सोयरे वाटतात. मूळ परदेशी, संवाद हिंदीत. आमचे हे ब्रेकवर आले की हमखास लावणार.

ब्रेक म्हणजे सुट्टी नव्हे. कारखान्यातल्या कंत्राटी माणसाला सात महिने कामावर ठेवतात, मग घरी बसवतात, म्हणजे त्याला कायम करावं लागत नाही. पुन्हा घेणार की नाही, ते ठेकेदाराचा फोन आला तर कळायचं. साताऱ्यात यांची बारा वर्षं अशीच गेली. यंदा तिसरा महिना लागला तरी फोन नव्हता, आणि हे रोज पहाटे उठून, दाढी करून, पहिल्या पाळीला निघाल्यासारखे बसून राहायचे. माझं डोकंच उठायचं.

सिनेमात एक म्हातारा कैदी आहे. सुटायच्या दिवसासाठी तो रोज आपले बूट पुसून ठेवतो. मी एकदा वैतागून म्हणाले, "आवं, काय बघताय त्या येड्याला? जन्म गेला त्याचा आत."

"लय सुखी हाय गं त्यो," हे म्हणाले. "दोन वेळचं जेवान हाय, उद्या काढून टाकत्याल ही भीती न्हाई. त्ये समदे गेटाभाईर पडाय धडपडत्यात, आन आमी आत जायाला."

असं हे कधी बोलत नाहीत. मी पुढची भाकरी थापायला घेतली.

मग एका दुपारी ठेकेदाराचा फोन आला. यांच्याच कारखान्यात पॅकिंगला बायका हव्यात, वहिनींना पाठवता का, पुरुषांची भरती तूर्त बंद आहे. मला वाटलं, आता हा माणूस मोडला. मी नको म्हणणार होते, पण माझ्याकडं न बघताच यांनी "व्हय, धाडतो की" सांगून टाकलं.

सोमवारी गाडीवरून सोडायला आले. वाटेत अख्खा कारखाना समजावला. मशीनपाशी ओढणी आवळून बांध, सुपरवायझर वरडला तर मनावर घेऊ नको, कॅन्टीनला उशीर केलास तर भाजी संपती. आवाजात कडूपणा औषधालाही नव्हता. गेटवरच्या वॉचमननं यांना हसून हात केला आणि कार्ड माझं मागितलं.

"तुझं सात म्हयनं हायत," हे म्हणाले. "तवर माझं बी बोलावणं येतंय बघ."

ज्या दारानं बारा वर्षं झुलवलं, त्याच दारात उभं राहून हे असं बोलत होते. मी थक्क झाले. एवढी आशा हा माणूस आणतो कुठून, मला आजही कळलेलं नाही. डोळे पुसले, कार्ड दाखवलं आणि मी आत गेले. हे बाहेर राहिले.