उर्मासचा डबा

तो डबा मी उघडला. इतक्या वर्षांत हे कुणालाच सांगितलं नाही. काल आईचा जुना एक्स-रे पाकिटातून काढला, तर त्या डब्यातल्या रिळासारखाच आंबूस वास आला आणि सौदीतल्या तबूकचा आमचा कॅम्प डोळ्यांपुढे उभा राहिला.

आखाती युद्ध चालू होतं. एस्टोनियाचा उर्मास आम्हा कामगारांवर फिल्म काढत होता. साहेबांना गॅसचे मुखवटे मिळाले होते, आम्ही हल्ल्याचा भोंगा वाजला की तोंडावर ओला टॉवेल धरायचो. तेच त्याने टिपलं होतं. "वीस वर्षं सोव्हिएत सरकारने माझ्या फिल्म कापल्या. ही पहिलीच माझ्या मनासारखी," असं मोडक्या इंग्रजीत सांगून त्याने अजून न धुतलेल्या रिळाचा डबा माझ्या कॉटखाली लपवला.

दुसऱ्या दिवशी फोरमन अन्वरभाई आला. "काय रे सावंता, गोऱ्याचा डबा तुझ्याकडे हाय ना? साहेबांना ती फिल्म बाहेर जायला नको. उन्हात उघड नि परत बंद कर, उजेड लागला की सगळं पुसतं. नायतर इकामा खलास, राहायचा परवानाच गेला, यल्ला, चल रत्नागिरी!"

मी उघडला. भर उन्हात रीळ उलगडलं, गुंडाळलं, झाकण लावलं. डबा घेऊन निघताना उर्मासने मला मिठी मारली. मी हसलो.

काल फोनवर त्याचं नाव शोधलं. मुलाखतीत म्हातारा उर्मास सांगत होता, "ते रीळ कोरं निघालं. डबा मीच नीट बंद केला नव्हता. त्यानंतर कॅमेऱ्याला हात लावला नाही."

आज त्याला पत्र टाकलं: "उर्मास, डबा तू नीटच बंद केला होतास. उघडला मी. मला माफ कर."