नीनाबाईंची भिंत

गेल्या महिन्यात आठ दिवस भांडगावला होते... एका रशियन सिनेमाच्या सेटवर. एरवी मी कुरकुंभच्या एका कंपनीत रशियन कागदपत्रांचं भाषांतर करते. त्यांना दुभाषी हवी होती, रजा टाकली आणि गेले.

माझं काम नीनाबाईंसोबत. वय अडुसष्ट, त्यातली चाळीस वर्षं रशियन सिनेमात प्रॉडक्शन डिझायनर... म्हणजे पडद्यावरचं घर, खोली, रस्ता कसा दिसेल ते ठरवणाऱ्या.

आप्पा नावाच्या तिथल्या शेतकऱ्याच्या पडीक रानात त्यांनी प्लायवूडचं शेतकऱ्याचं घर उभं केलं होतं. एका भिंतीवर तर तीन दिवस घालवले. खाटेवर टेकून बसणाऱ्याचं डोकं जिथं लागेल, तिथं खोबरेल आणि माती चोळत बसायच्या. मला वाटायचं, कॅमेऱ्यात हे दिसणार तरी आहे का?

चौथ्या दिवशी दिग्दर्शक आला. तरुण होता. "मळकट दिसतेय. गुलाबी करा. भारत रंगीत दिसायला हवा."

"मग सिनेमातून माझं नाव काढून टाक," नीनाबाई एवढंच म्हणाल्या.

पेंटर रंगाचा डबा घेऊन माझ्याकडे बघत उभे.

तेवढ्यात आप्पा चहाची किटली घेऊन आत आले. घर आतून पहिल्यांदाच बघत होते. त्या भिंतीपाशी थबकले.

"हितं कोण म्हातारं माणूस बसायचं व्हय?"

"कुणीच नाही, आप्पा. या आठवड्यात केलीय ही भिंत."

"न्हाई ओ... बसल्याबिगर असा डाग पडत न्हाई." त्यांनी बोटानं टकटक केलं. पोकळ आवाज आला, तसे ओशाळून हसले.

दिग्दर्शकानं विचारलं, हे काय म्हणाले? मी शब्द न् शब्द सांगितला. त्यानं एकदा डागाकडे बघितलं आणि पेंटरना हातानंच 'नको' केलं.

परतताना गाडीत नीनाबाई बोलल्या. पहिल्या सिनेमासाठी त्यांनी एक स्वयंपाकघर उभारलं होतं. हौसेनं आईला सिनेमा दाखवायला नेलं. आई म्हणाली, "छान आहे. पण यात तू काय केलंस?"

"आठवडाभर तिच्याशी बोलले नाही मी," त्या म्हणाल्या. "ती शाबासकी होती, हे कळेपर्यंत आई गेली होती."

सिनेमा अजून यायचाय. ती भिंत दिसलीच तर चार-पाच सेकंद... कुणाच्या लक्षातही येऊ नये म्हणून इतकं राबणारं माणूस मला जवळून बघायला मिळालं. थँक यू, नीनाबाई.