यादीतली पाचवी जागा

माझं राजकारण सुरू झालं एका डॅनिश बाईमुळे आणि संपलं माझ्या तोंडामुळे, असं आमचे लोक म्हणतात. सुरुवातीचं खरं आहे. संपल्याचं मला अजिबात मान्य नाही.

नव्वदीच्या दशकाचा शेवट होता. मी इस्राएलमधल्या रामल्यात कुपात होलिम या आरोग्यविमा संस्थेच्या दवाखान्यात नर्स होते आणि फावल्या वेळात एका छोट्या, मधल्या पक्षाचं काम करायची. मधला म्हणजे डावेही टपली मारणार आणि उजवेही. आमच्या बेने इस्राएल, म्हणजे महाराष्ट्रातून आलेल्या यहुद्यांच्या घरांतून फिरायचं, म्हाताऱ्यांना मतदानाला न्यायचं आणि बैठकीत चहा करायचा, एवढंच माझं काम. ठाण्याच्या शाळेतलं इंग्रजी अजून शाबूत होतं. म्हणून डेन्मार्कच्या एक खासदारबाई गाव बघायला आल्या, तेव्हा पक्षाच्या अध्यक्षाने मला त्यांच्यासोबत धाडलं.

बाई उंच, उन्हाने लालबुंद झालेल्या. बाजारात यहुदी दुकानदार असो की अरब, प्रत्येकाला त्या मुलांची शाळा, कचऱ्याची गाडी यांबद्दल विचारत होत्या. त्याही मधल्याच पक्षाच्या. तिकडे बंदरावरच्या एका लहान गावात त्या ग्रंथपाल होत्या आणि नऊ वर्षं त्यांनी पक्षाच्या बैठकांत कॉफी केली. एकदा उमेदवारांची यादी ठरत असताना त्यांनी किटली खाली ठेवली आणि सांगितलं, दुसरी जागा द्या, नाहीतर आजपासून कॉफी तुम्ही करा. जागा मिळाली. आधी नगरपालिका, मग संसद. मग पडल्या आणि सोमवारी पुन्हा वाचनालयात कामावर हजर. पुढच्या खेपेला परत निवडून आल्या. पडल्याचं त्या इतकं सहज सांगत होत्या की मी बघतच राहिले. आमच्याकडे पडलेला माणूस वर्षभर तोंड लपवत फिरतो.

"तुम्ही यादीत कितव्या?" त्यांनी विचारलं.

"मी यादीत नाही. मी लोक आणते."

त्यांनी नुसतं माझ्याकडे बघितलं. ते मला जाम झोंबलं. हिला काय कळतंय आमच्यातलं, असं मनात म्हणत घरी आले आणि दुसऱ्याच दिवशी अध्यक्षाकडे जाऊन तिसरी जागा मागितली. नगरपालिकेच्या निवडणुकीत मत यादीला पडतं आणि वरून क्रमाने नावं निवडून येतात; आमचे तीन जण येतील असा सगळ्यांचा अंदाज होता. त्याने छातीवर हात ठेवून शब्द दिला.

यादी भरायच्या आठवड्यात पक्षाच्या ऑफिसातल्या मुलीने माझ्या कानावर घातलं की मी पाचवी आहे. तिसऱ्या जागी कालपरवा पक्षात आलेला एक व्यापारी. पाचवी म्हणजे शोभेची. वर त्याच दुपारी अध्यक्षाचा फोन.

"तुमचा तो मलिदा ठेव ना शनिवार संपल्यावर. सगळे भारतीय जमतील, मी दहा मिनिटं बोलेन."

गूळ-खोबरं घातलेले पोहे, फळं, एलियाहू नबीचं नाव. हे ताट त्याने आमच्याकडे दोनदा खाल्लं होतं. त्याला वाटलं, ही आमची पार्टी. आमच्या घरात मलिदा मांडतात तो नवस फिटल्यावर. आई बाजूलाच शेंगा सोलत होती. तिला सांगितल्यावर ती भडकलीच.

"इचार त्याला, बाय, कुठला नवस फिटला म्हणून ताट मांडू?"

मी तेच शब्द हिब्रूत त्याला ऐकवले. तो हसला.

"पाचवी काय नि तिसरी काय? तुमच्या लोकांची मतं कुठे जातायत?"

माझं डोकंच फिरलं. फोन ठेवला, बस पकडून थेट त्याच्या ऑफिसात गेले आणि त्याच्यासमोर यादीतून नाव काढल्याचं लिहून सही केली. मग आमच्याच दवाखान्यातल्या दोन नर्सा, एक अरब शाळामास्तरीण आणि मी अशी चौघींची वेगळी यादी भरली. पहिलं नाव माझं. समाजातले काहीजण म्हणाले, हिला खुर्चीचा मोह. हो, होता! पुरुषांना असतो तेव्हा त्याला कोणी मोह म्हणत नाही.

आम्ही पडलो, आणि चांगल्याच पडलो. अध्यक्षाचे दोघे आले, तो आणि त्याच्या यादीतला दुसरा; व्यापारी बाहेरच राहिला. मी मोरीत नळ सोडून रडले. आईने दाराबाहेरून चहा प्यायला हाक मारली, तेव्हा तोंड धुऊन बाहेर आले.

नगरपालिकेच्या बैठकीला कुणालाही बसता येतं, हे आमच्या गावात कुणाच्या ध्यानातच नव्हतं. मागे भिंतीला लागून एक बाक असतं, बहुतेक रिकामंच. नव्या सभासदांच्या पहिल्या बैठकीला मी वही घेऊन त्यावर जाऊन बसले. पक्षाचा अध्यक्ष सभासदांच्या खुर्चीतून मागे वळला. हिब्रूत अहो-जाहो नाही, त्यामुळे भांडण सरळ तोंडावर होतं.

"तू तर हरलीस," तो म्हणाला. "आता इथे काय काम तुझं?"

"हरले म्हणून बाकावर बसलेय," मी म्हटलं. "जिंकले असते तर तुझ्या शेजारी बसले असते. चल, तुझं काम सुरू कर. मी लिहून घेतेय."