आर्चीच्या खोगिराला सुरी

नोलीन टकेटकडे खोगीर न्यायचं म्हणजे आधी स्वतःचा उद्धार ऐकून घ्यायची तयारी हवी. आमच्या गावात खोगिरं करणारी ती एकटीच, मग जाणार कुठे? खोगीर ठेवायचं बाजूला, आणि बाई आधी घोड्याच्या पाठीवर हात फिरवणार, कुंपणाची तार त्याच्या खांद्यावर वाकवून आकार घेणार, आणि मग गुन्हा मीच केलाय असं माझ्याकडे बघणार. एकदा खोगीर रुतत होतं म्हणून मी खाली दोन घोंगड्या घातल्या.

"लिंडसे, बूट चावायला लागला की तू दोन मोजे घालतोस का रे?" तिनं भर शर्यतीच्या मैदानात विचारलं. पुढे वर्षभर गावात माझं नाव 'दोन मोजे'.

तिचं दुसरं पालुपद म्हणजे, घोडा खोडकर नसतो, खोगीर वाईट असतं.

अशी ही बाई गेल्या मंगळवारी मला म्हणाली, "ट्रीकल विकतेय. शनिवारी माणूस येतोय न्यायला."

ट्रीकल ही तिची घोडी. शिंगरू असताना बाटलीनं दूध पाजून वाढवलेली.

"का गं?"

"पोटाखालचा तंग आवळायला गेलं की चावते. डोकं फिरलंय तिचं."

नोलीन नुकतीच ट्रीकलवरून रपेट करून आली होती. ती चहा टाकायला आत गेली तसं मी खोगीर उतरवलं. ते तिच्या वडिलांचं, आर्चीचं. आर्ची जाऊन अकरा वर्षं झाली, पण त्या खोगिराला टाका मारायचीसुद्धा कुणाला परवानगी नव्हती. खाली पाहतो तर दोन घोंगड्या. घोडीची पाठ घामानं चिंब, फक्त दोन्ही बाजूंना तळहाताएवढे कोरडे डाग. खोगीर रुततं तिथे घाम येत नाही, हे तिनंच मला शिकवलेलं.

खोटं कशाला बोलू, मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या.

"नोलीन, तू किती मोजे घालतेस गं?"

ती कप घेऊन बाहेर आली. घोंगड्या बघितल्या, मग पाठ. तिचा चेहरा असा पडला की माझी गंमत तिथेच जिरली.

"खोगिराची गादी बाबांच्या हातची आहे," ती म्हणाली. "मी नाही फोडणार."

"मग घोडी विकून टाक."

ट्रीकल नोलीनच्या खिशात तोंड घालून बिस्किट शोधत होती. शेवटी नोलीननं सुरी माझ्या हातात दिली.

"तू उसव. मी बघणार नाही."

बघत होतीच. वर, "टाका काप, गाढवा, चामडं नको," हेही चालू होतं.

गादी उघडली. चामड्याच्या आतल्या बाजूला आर्चीनं पेन्सिलीनं लिहिलं होतं, मॅगपाय. ते खोडून क्लोव्हर. तेही खोडून बँजो. म्हाताऱ्यानं प्रत्येक नव्या घोड्यासाठी हीच गादी फोडून पुन्हा भरली होती.

नोलीन बादली पालथी घालून तिच्यावर बसली आणि रडली. मलाही भरून आलं, म्हणून मी कुंपणाकडे बघत राहिलो. मग नाक पुसून तिनं पेन्सिल मागितली, बँजोवर रेघ मारली आणि खाली ट्रीकल लिहिलं.

शनिवारी गिऱ्हाईक आलं तेव्हा गादी नव्यानं भरून झाली होती, आणि नोलीन घोडीवर बसूनच फाटकापर्यंत गेली.

"विकायची नाही," तिनं त्याला सांगितलं. "घोडी शहाणी आहे. मालकीण मूर्ख होती."

हे मी माझ्या कानांनी ऐकलं, आणि संध्याकाळपर्यंत गावभर केलं.