तडजोडीची सही
शिक्क्याच्या जांभळ्या शाईचा वास आला की मला नाशिकच्या न्यायालयाचा तो व्हरांडा आठवतो. नाशिक रोडच्या घरासाठी मी भरलेली आगाऊ रक्कम परत करताना एका बांधकाम व्यावसायिकाने दिलेला धनादेश वटला नव्हता. तो माझा जुना विद्यार्थी, आणि खालच्या न्यायालयाने त्याला कैदेची शिक्षा सुनावली होती. अपील चालू असताना त्याने सगळी रक्कम फेडली. अशा खटल्यात फिर्यादीने तडजोड मान्य केली आणि न्यायालयाने ती स्वीकारली, की दोषसिद्धी रद्द होऊन आरोपी निर्दोष सुटतो. म्हणजे त्याची सुटका आता माझ्या सहीवर अडली होती, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होते. टंकलेखकांच्या खडखडाटात त्याने कागद पुढे केला. "बाई, पैसे पोचले ना? मग करता सही?" मी पेनाचे टोपण काढले नाही. "आधी चूक कबूल कर. मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं." डबा घेऊन शेजारी उभी असलेली त्याची बायको हळूच म्हणाली, "बाई, शाळा केव्हाच सुटली." तो मात्र ताठ उभा राहिला, केस पिकलेल्या त्या माणसाने हाताची घडी घातली आणि भरल्या व्हरांड्यात तो म्हणाला, "चुकलो बाई, पुन्हा करणार नाही." मग मी सही केली. आत न्यायाधीशांनी विचारले, "तडजोड स्वखुशीने ना?" आम्ही दोघेही "हो" म्हणालो, आणि त्याची शिक्षा रद्द झाली. अजूनही तो बाजारात दिसला की अदबीने थांबतो, आणि त्याचे हात पुन्हा घडीसाठी छातीशी येण्याआधीच मी रस्ता ओलांडते.