मामा गाडीत बसत नसत

अख्ख्या कुलाबा जिल्ह्यात माझ्या बायकोच्या मामांइतका कायम माणूस मी पाहिला नाही. आणि नेमकं त्यांनाच सरकारी मोटारखात्याने अकरा वर्षं हंगामी कंडक्टर ठेवलं. मामांचं सगळंच ठरलेलं. सकाळी पेज, कपाळाला गंध, गळ्यात शिट्टी आणि नाकाच्या शेंड्यावर राग. अलिबाग-रेवदंडा गाडीत ते असे खेकसत, की नवखा उतारू पुढच्याच थांब्यावर उतरून जाई. पण चौलला एखाद्या म्हातारीला उतरायचं असलं, की तिचं गाठोडं आधी खाली ठेवून, तिचा हात धरून, "सावकाश उतर गो आये, गाडी कुठं पलत न्हाय," म्हणणारेही तेच.

दर चार-पाच महिन्यांनी खात्याचा साहेब त्यांना नुसतं तोंडी सांगे, "आठ दिवस घरी बसा." सलग नोकरी झाली की कायम करावं लागतं, म्हणून ही तोडातोड. बिल्ला काढून घ्यायचा, आठ दिवसांनी परत द्यायचा. या लबाडीची मला आजही चीड येते. गोठ्यातल्या बैलालासुद्धा कोणी असं मधेच हाकलून देत नाही. बाकीचे हंगामी त्या दिवसांत आपापली शेतीची कामं उरकून घेत. मामा घरी बसतील तर मामा कसले! पदरच्या पैशाने शिवलेला खाकी कोट चढवून ते नेमक्या वेळेला गाडीवर हजर. कोळणींच्या पाट्या टपावर चढवायच्या, दारात उभं राहून घंटीची दोरी ओढायची, बदली कंडक्टरच्या चुका काढायच्या. आणि फुकट्यांचा मनस्वी तिटकारा असल्यामुळे स्वतःचं तिकीटही काढायचं! एकदा मी म्हटलं, "मामा, तिकीट काढलंच आहे तर बसा तरी." तर माझ्यावरच उखडले, "जावईबापू, बसतो तो उतारू. मी कामावर हाय!" ती सगळी तिकिटं, पाठीवर तारीख लिहून, त्यांनी बिस्किटांच्या डब्यात जपली होती.

शेवटी मामांनी आणि आणखी चौघांनी कायम होण्यासाठी कोर्टात दावा लावला. खेटे घालून चपला झिजल्या. खातं निर्लज्जपणे सांगत होतं, की ही माणसं मधले दिवस आपल्या मर्जीने घरी राहत. हे ऐकल्यावर मामांचा तोल गेला. "मर्जीनं? अहो, मी एक दिस चुकलो न्हाय! ह्यो बघा पुरावा!" असं ओरडत त्यांनी डबा टेबलावर पालथा केला. आमच्या वकिलाने कपाळाला हात लावला. खात्याच्या वकिलाने त्यातलं एक तिकीट उचललं आणि गोड आवाजात विचारलं, "हे आपण पैसे देऊन काढलंत?"

"मग? फुकट जाईन काय?"

"म्हणजे त्या दिवशी आपण उतारू होतात. कामावर नव्हतात."

निकाल लागला. चौघे मर्जीने घरी राहिले याचा एकही कागद खात्याला दाखवता आला नाही, म्हणून ते कायम झाले. मामा त्या दिवसांत खुशाल गाडीतून हिंडत होते, याचा पुरावा मामांनीच डबाभर दिला होता, म्हणून ते तेवढे हंगामीच राहिले. जो घरी बसला त्याला नोकरी, आणि जो बिनपगारी राबला तो उतारू! मी कोर्टाच्या पायरीवर तोंडाला येईल ते बोललो. मामा मात्र कोट सावरत थांब्याकडे चालू लागले. त्यांनी चार शिव्या हासडल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं.

परतीच्या गाडीत कंडक्टर म्हणाला, "मामा, तुमचं कसलं तिकीट?" मामांनी पैसे पुढे धरले, तिकीट घेतलं, आणि खिडकीपाशी जाऊन बसले. त्यांना गाडीत बसलेलं मी पहिल्यांदाच पाहत होतो. चौलला एक म्हातारी गाठोडं सावरत दाराशी धडपडू लागली. मामांनी तिच्याकडे पाहिलं, मग बाहेरच्या वाडीकडे पाहिलं. उठले नाहीत. शेवटी मीच उठलो, गाठोडं खाली ठेवलं आणि म्हातारीचा हात धरला. "सावकाश उतरा," असंही म्हणालो. पण मामांसारखं काही ते जमलं नाही.